राई तोडणाऱ्याची कहाणी

माझे वडील निजामाच्या राज्यात पटवारी होते. भूमजवळच्या ईट गावापासून दोन कोसांवरचं एक गाव आणि त्याच्या दोन वाड्या, एवढाच त्यांचा मुलूख. आमचं मूळ घराणं तुळजापूरचं, पुजाऱ्यांच्या भावकीतलं. पण आजोबा या गावात आले ते इथलेच झाले. वडिलांचं दफ्तर उर्दूत आणि बोलणं मराठीत, असं त्यांचं आयुष्य गेलं. पोलीस ॲक्शन झाली, राज्य बदललं, दफ्तर मराठीत आलं आणि तीन-चार वर्षांत त्यांच्या जागी एक तरुण तलाठी आला. वडिलांनी कुरकुर केली नाही. "माझी लिपी म्हातारी झाली, मीही झालो," असं म्हणत त्यांनी दफ्तराच्या किल्ल्या त्याच्या हातात ठेवल्या.

त्याच सुमारास मी गावातल्या मुलींच्या शाळेवर बाई म्हणून लागले. शाळा म्हणजे मारुतीच्या देवळाची पडवी. आई आधीच गेली होती. माझं लग्न झालं नाही, आणि का झालं नाही हे इथं सांगण्यासारखं नाही. घरात आम्ही दोघंच.

गावाच्या उगवतीला ओढा वळतो. त्या वळणावर राई होती. करंज, जांभूळ, चिंचा, दोन जुने उंबर आणि मधोमध पांढुरक्या सालीचा एक अर्जुनसादडा. आमचा भाग उघडा, माळरानाचा. चैत्रात डोळ्यांना हिरवं दिसायचं ते तेवढंच. राईत कुऱ्हाड न्यायची नाही असा गावाचा रिवाज होता. वाळून पडलेलं लाकूड तेवढं उचलायचं, तेही कुणी मेलं तर त्याच्यासाठी. दुपारी गुरं तिथं बसायची आणि ओढ्याचं पाणी होळीनंतरही दीड-दोन महिने टिकायचं.

मी चार-पाच वर्षांची असल्यापासून वडील मला राईत न्यायचे. ते झाडाचं नुसतं नाव सांगत नसत, हकीकत सांगत. या करंजाखाली तुझ्या आजोबांनी दोन भावांचं बांधाचं भांडण मिटवलं. त्या चिंचेवर बगळे येतात, ते पिलांना घेऊन गेले की समज पाऊस संपला. उंबराला फूल नसतं असं लोक म्हणतात, पण ते फळाच्या आतच असतं, हे बघ, असं म्हणून ते उंबर फोडून दाखवत. हळद्या पक्षी ओरडला की थांबत आणि कान देऊन म्हणत, "ऐकलंस? हा आपल्याला ओळखतो." पुढं मी शिक्षिका झाले, ट्रेनिंग घेतलं, पण शिकवणं म्हणजे काय ते मी त्या राईत शिकले.

राज्य बदलल्यावरच्या गोंधळात जी माणसं वर आली, त्यांतला एक आमच्या गावचा सरपंच झाला. धिप्पाड, गोड बोलणारा. त्याचे जोडे चालताना करकर वाजत आणि त्याला ते आवडायचं. एक दिवस सकाळी तो आमच्या ओसरीवर येऊन बसला.

"पटवारीसाहेब, राईचा जुना कागद तुमच्याकडं हाय म्हनं?"

"आहे की. माझ्याच हातची नक्कल आहे. राई गावाची, कुणा एकाची नाही, असा कागद आहे."

"मग द्या की. नव्या दफ्तरात नोंद करून घिऊ. एकदा मराठीत चढली म्हंजी पक्की झाली."

वडिलांना किती आनंद झाला! आपण लिहिलेलं काहीतरी नव्या राज्यातही चालणार म्हणून त्यांचा चेहरा उजळला. त्यांनी ट्रंक उघडली, कागद काढला आणि एकेक ओळ उर्दूत वाचून तिचा मराठीत अर्थ सांगितला. सरपंच मान डोलवत होता. मी चहा केला. कागद दुमडताना फाटू नये म्हणून मीच तो माझ्या जुन्या लुगड्याच्या तुकड्यात बांधून त्याच्या हातात दिला. हे मी आजही विसरू शकत नाही. माझ्या हातानं दिला.

दोन-अडीच महिन्यांनी, एका सकाळी, मी मुलींना पाढे म्हणायला लावत होते तेव्हा ओढ्याकडून कुऱ्हाडींचा आवाज आला. वडील डोक्यावर टोपी न घालता पळत जाताना मला पडवीतून दिसले. त्यांना टोपीवाचून मी आयुष्यात पहिल्यांदा पाहिलं. बाहेरगावचे वीस-पंचवीस कुऱ्हाडवाले आले होते. कोळशाच्या भट्ट्या लावायच्या होत्या. राई पडीक जमीन म्हणून सरपंचाच्या नावावर चढली होती आणि ती वहितीखाली आणायला त्याला मोकळीक मिळाली होती.

दुसऱ्या दिवशी वडील चावडीवर गेले. मीही गेले आणि दाराशी उभी राहिले. गाव जमलं होतं. वडील म्हणाले, "सरपंच, मी तुम्हाला कागद दिला. राई गावाची आहे असं त्यात लिहिलेलं आहे. तो कागद इथं आणा आणि कुणाकडूनही वाचून घ्या."

सरपंच हसला. "कसला कागद? मला कुनी दिला? आन् दिला असता तरी उर्दू कागदाचं राज्य गेलं आता." मग तो लोकांकडं वळून म्हणाला, "ज्यानं रझाकारांना गावातल्या घरांची यादी वाचून दाखवली, त्यो मुनशी आज आपल्याला राई कुनाची ते शिकवतोय बगा."

हे खोटं होतं. धडधडीत खोटं. रझाकारांच्या दिवसांत वडिलांना कचेरीतून आधी कुणकुण लागायची आणि ते घरोघर जाऊन बायापोरांना राईत लपायला सांगायचे. पहाटे मी भाकरी भाजायचे आणि ते त्या पोचवायचे. चावडीवर त्या दिवशी जी माणसं बसली होती, त्यांतल्या निम्म्यांच्या बायका त्या राईत राहून वाचल्या होत्या. मी एकेका तोंडाकडं पाहत गेले. कुणी जमिनीकडं बघत होतं, कुणी तंबाखू मळत होतं. कुणी एक शब्द बोललं नाही.

वडील घरी आले आणि ओसरीच्या कोपऱ्यात बसले. त्यानंतर ते गावात गेले नाहीत. शाळेतून आल्यावर मी विचारायचे, "बाबा, जरा फिरून येऊ या का?" ते म्हणायचे, "कुठं जायचं?" दुसऱ्या उन्हाळ्यात ते वारले. चितेसाठी गावात दुसरं लाकूड राहिलं नव्हतं. सरपंचानं आपल्या वाड्यामागं रचून ठेवलेल्या ढिगातून गाडी भरून पाठवली. गाडीवानानं लाकडं उतरवली तेव्हा साल बघून मी ओळखलं, करंज होता. माझ्या वडिलांना मी त्या माणसानं पाठवलेल्या लाकडांवर जाळलं. दुसरा इलाज नव्हता. पण तिथं उभी असतानाच मी ठरवलं की याला मी सोडणार नाही.

आधी मी अर्ज केले. भूमला केले, धाराशिवला केले. उत्तर आलं नाही. एकदा कचेरीत गेले तर एक कारकून समजुतीच्या स्वरात म्हणाला, "बाई, तुमच्याकडं कागद नाही आणि झाडंही नाहीत. आता भांडता कशासाठी?" तो वाईट माणूस नव्हता. पण त्याचं बोलणं मला लागलं, आणि मला एक गोष्ट कळली. कागद गेला, झाडं गेली, आता राहिली फक्त आठवण. तीही गेली की हा माणूस सुटला.

आणि आठवण जायला लागली होतीच. श्रावणाच्या आधी एक दिवस मी पहिलीच्या मुलींना सांगितलं, उद्या प्रत्येकीनं करंजाचं पान आणा. दुसऱ्या दिवशी कुणी बाभळीचा पाला आणला, कुणी कडुलिंबाचा. एकीनं विचारलं, "बाई, करंज म्हंजी काय?" राई तोडून तीन वर्षं झाली नव्हती अजून. जिच्या आईनं त्या करंजाखाली जीव वाचवला होता, ती मुलगी विचारत होती, करंज म्हणजे काय.

त्या दिवसापासून मी गोष्टी सांगायला लागले. आधी मुलींना. शनिवारी सकाळची शाळा असायची. शाळा सुटायच्या आधी अर्धा तास मी त्यांना ओढ्याच्या वळणावर नेऊन खोडांपाशी बसवायचे. राईचा वरचा सपाट भाग सरपंचानं नांगरला होता, पण दरडीवरची खोडं तशीच होती. आम्ही एका खोडाभोवती बसायचो आणि मी त्या झाडाची हकीकत सांगायचे. वडिलांनी सांगितली होती तशीच, फक्त शेवट माझा. बगळ्यांच्या चिंचेची गोष्ट. आपल्या फुलाला पोटात लपवणाऱ्या उंबराची गोष्ट. आणि प्रत्येक गोष्टीच्या शेवटी एक माणूस यायचा. त्याचं नाव मी कधीच घेतलं नाही. एवढंच म्हणायचे, "मग लांबून आवाज आला, कर्र, कर्र, कर्र." मुली अंग चोरून एकमेकींना बिलगायच्या. आठ दिवसांत गावातल्या सगळ्या पोरी खेळताना कर्र कर्र करायला लागल्या.

मला हे हवं होतं. मी कबूल करते, झाडांवरच्या मायेनं मी सुरुवात केली नाही. वडिलांचं नाव ज्यानं मातीत घातलं, त्याची पोराटोरांच्या तोंडूनही सुटका होऊ नये, एवढीच माझी इच्छा होती.

मग श्रावण लागला. गावातल्या बायका शुक्रवारी शाळा सुटल्यावर माझ्याकडं कहाणी ऐकायला यायच्या, कारण पोथी वाचता येणारी बाई गावात मी एकटी. हातात अक्षता घेऊन त्या बसत. पोथीतली कहाणी संपली, त्यांनी अक्षता वाहायला हात पुढं केला, तेव्हा मी म्हटलं, "थांबा. अजून एक राहिली." पोथी मिटून मांडीवर ठेवली आणि सांगायला लागले.

"ओढ्याकाठी एक गाव होतं. गावाला दोन आया होत्या. एक घरात राबायची, एक वळणावर उभी राहायची. घरातली आई भाकरी द्यायची, वळणावरची सावली द्यायची. एकदा गावावर वाईट दिवस आले. घरातल्या आईला पोरं लपवायला जागा पुरेना. तेव्हा वळणावरची आई म्हणाली, माझ्या पदराखाली या. तिनं बाया घेतल्या, लेकरं घेतली, तोंडातून आवाज काढला नाही. एक म्हातारा भाकरी घेऊन यायचा. वाईट दिवस सरले. मग एक माणूस आला, त्याचे जोडे वाजत होते. त्यानं वळणावरच्या आईवर कुऱ्हाड घातली आणि म्हाताऱ्याला खोटं पाडलं. गाव बघत राहिलं. वळणावरची आई पडली, पण मेली नाही. मुळात जीव धरून बसली. ती बसल्या बसल्या विचारते आहे, माझ्या पदराखाली कोण कोण होतं? जिनं ऐकलं तिनं एक कोंब राखावा. जिला आठवलं तिनं खरं सांगावं. ज्यानं तोडलं त्याला सावली आपलं म्हणणार नाही."

अक्षता हातातच राहिल्या. मग कोपऱ्यातली एक थोराड बाई, चावडीजवळच्या घरातली, हुंदका देऊन म्हणाली, "म्या त्या उंबराच्या ढोलीत दोन दिस हुते. कडेवर लेकरू. तुमच्या बापानं भाकरी आनली हुती."

"मग चावडीवर तुमचे मालक गप्प का बसले?" मी विचारलं. माझा आवाज कडक होता.

"बसले, बाई. सगळेच बसले."

मी तिची समजूत घातली नाही. तिला रडू दिलं. त्या गावावरही माझा राग होता आणि तो मी लपवला नाही.

ती कहाणी मग माझ्या हातात राहिली नाही. बायकांनी ती खुरपताना सांगितली, पाणवठ्यावर सांगितली. माहेरवाशिणींनी ती परंड्याकडं, वाशीकडं नेली. त्यात भर पडत गेली. त्या वर्षी मोठा पूर आला आणि वरच्या सपाट भागात माती धरून ठेवणारी मुळं नसल्यामुळं ओढ्यानं सरपंचाच्या नांगरलेल्या रानातला मोठा तुकडा कापून नेला. झाडं गेली की ओढा माती खातो, एवढं साधं आहे ते. पण बायका म्हणाल्या, बघा, आईनं घेतलं. मी त्यांना चूक दाखवली नाही. शाळेत मुलींना मात्र मुळं माती कशी धरतात ते नीट समजावलं, कारण खोटं शिकवायचं नाही असं माझं मला बंधन होतं.

आणखी एक झालं, जे माझ्या मनात नव्हतं. बायका दरडीवर शेळ्या बांधेनाशा झाल्या. खोडांना फुटवे येत होतेच, शेळ्या खाऊन टाकत होत्या. करंजाला शेळी फारसं तोंड लावत नाही म्हणून तो आधी वर आला, मग मुलींनी बाभळीचे काटे आणून जांभळाच्या आणि उंबराच्या फुटव्यांना कुंपण केलं. कुणी सांगितलं नव्हतं. एकेक खोड एकेकीनं वाटून घेतलं होतं. करंज म्हणजे काय असं विचारणारी मुलगी आता दुसऱ्यांना पान चुरगळून वास द्यायची आणि सांगायची, "ह्यो करंज. इसरायचा न्हाय."

एकदा शाळा तपासायला साहेब आले. मुली ओढ्यावर बसलेल्या बघून चिडले. "शाळेच्या वेळेत हे काय?" मी म्हटलं, "निसर्गपरिचय." त्यांनी एका मुलीला विचारलं, या खोडाबद्दल काय माहिती आहे? ती सांगायला लागली ती थांबेचना. साल, पान, फूल, बगळे, पूर, सगळं. शेवटी कर्र कर्र सुद्धा. साहेबांना कर्र कर्र समजलं नाही. त्यांनी शेऱ्यात लिहिलं, "समाधानकारक."

सरपंचाला मात्र सगळं समजत होतं. त्याचे जोडे बदलले. नवे मऊ आणले. तरी तो आला की पोरं तोंडानं आवाज करायची. चावडीपुढच्या लिंबाखाली तो बसला की बाकीचे एकेक करून उठायचे. कुणी भांडत नव्हतं, कुणी बोलत नव्हतं. नुसते उठून उन्हात उभे राहायचे. हे मी शाळेच्या पडवीतून बघायचे आणि मला बरं वाटायचं. पाढे म्हणवून घेताना माझा आवाज त्या दिवसांत चढा असायचा.

शेवटी तो घरी आला. सकाळची वेळ. ओसरीवर बसला नाही, उभाच राहिला.

"बाई, ती गोष्ट बंद करा."

"कुठली गोष्ट?"

"तुमाला म्हाईत हाय."

"माझ्या गोष्टीत कुणाचं नाव नाही. तुम्हाला ती तुमची का वाटते?"

तो म्हणाला, "काय पायजे तुमाला?"

"कागद."

"न्हाय ऱ्हायला. बंबात घातला त्याच दिशी."

त्यानं ते अगदी सहज सांगितलं. मी म्हटलं, "मग चावडीवर जा. गाव जमवा. माझ्या वडिलांनी कागद दिला होता आणि ते रझाकारांचे मुनशी नव्हते, असं सगळ्यांसमोर सांगा."

"ते व्हायचं न्हाय."

"मग गोष्टही थांबायची नाही."

तो गेला. मी आत जाऊन पाण्याचा तांब्या तोंडाला लावला तर दात वाजत होते. भीतीनं नाही. त्या माणसाला दाराशी उभं करून ठेवल्याच्या आनंदानं.

या सगळ्यात एक गोष्ट मी सांगितली नाही, ती सांगायला पाहिजे. सरपंचाची नात माझ्या शाळेत होती. दुसरीत. हडकुळी, नेहमी नीट वेणी घातलेली. मधल्या सुट्टीत मुली देवळापुढच्या पिंपळाखाली डबे सोडायच्या. एक दिवस मला दिसलं, ती एकटी उन्हात, दगडावर बसून भाकरी खात होती. मी विचारलं, "इथं का बसलीस?"

ती खाली बघून म्हणाली, "सावली मला आपलं म्हनत न्हाय ना, बाई."

माझेच शब्द होते ते. मी तिथून निघून गेले. तिला उठवून सावलीत नेलं नाही. त्या दिवशी नाही, दुसऱ्या दिवशी नाही. मला वाटलं, घरी जाऊन ही आजोबाला सांगेल, ते त्याला लागेल. आठ-नऊ दिवस मी ते मूल उन्हात बसू दिलं. माझ्या आयुष्यातली सगळ्यात हलकी गोष्ट ती. वडील असते तर त्यांनी माझ्याशी बोलणं टाकलं असतं.

नवव्या की दहाव्या दिवशी तिला ऊन लागलं. पाढे म्हणता म्हणता ती पडवीत खाली बसली, तिचे डोळे फिरले. मी तिला उचललं, पिंपळाखाली नेलं, कपाळावर ओला पदर ठेवला. सगळ्या मुली भोवती उभ्या होत्या. तिचं डोकं मांडीवर घेऊन मी तिथंच एक नवी गोष्ट सांगितली. जोडे वाजणाऱ्या माणसाला एक नात होती. तिनं आजोबाच्या कुऱ्हाडीखालून एक कोंब चोरला, ओंजळीत घेतला आणि वळणावर नेऊन लावला. तिला बघून उरलेली सगळी झाडं म्हणाली, ही आमची. गोष्ट घाईत रचलेली, बेताची होती. पण मुलींनी ती ऐकली. शनिवारी त्या तिला हाताला धरून घेऊन गेल्या आणि अर्जुनसादड्याचं खोड तिला दिलं, ज्याला एकही फुटवा आला नव्हता. तिनं त्याच्याशेजारी नवं रोप लावलं आणि घागरीनं पाणी घातलं. पुढं तिच्याएवढी कडक राखणदार दुसरी झाली नाही. तिच्या आजोबाच्या गड्यानं दरडीवर बैल सोडले तर तिनं दगड मारून हाकलले.

नातीचं ते आजारपण सरपंचाच्या मनाला लागलं असावं. आठवड्यानं, तलाठी मोजणीसाठी गावात आला होता आणि चावडी भरली होती, तेव्हा तो उठून उभा राहिला. नुकताच महाराष्ट्र झाला होता, चावडीवर लावलेल्या पताका अजून लटकत होत्या. मला मुद्दाम बोलावणं आलं होतं. तो माझ्याकडं न बघता म्हणाला, "पटवाऱ्यानं कागद दिला हुता. राई गावाची हुती. आन् त्यो मानूस रझाकारांचा नव्हता. म्या खोटं बोललो." एवढं बोलून तो खाली बसला. तलाठ्यानं लेखणी थांबवून वर बघितलं. चावडीवर पुन्हा तशीच शांतता, जशी वडिलांच्या वेळी होती. फक्त या वेळी मी दाराशी नव्हते, आत उभी होते.

बाहेर पडताना त्यानं मला गाठलं. "झालं न्हवं तुमच्या मनासारकं? आता तरी गोष्ट थांबवा. शबूद द्या."

मी म्हटलं, "देते."

मी शब्द पाळला नाही. श्रावण लागला, पहिल्याच शुक्रवारी बायका अक्षता घेऊन बसल्या, पोथी संपली, त्या माझ्याकडं बघत राहिल्या, आणि मी सांगायला लागले. ओढ्याकाठी एक गाव होतं. काहीही वगळलं नाही. उलट चावडीवर तो काय म्हणाला तेही त्यात घातलं, त्याच्याच शब्दांत. माणसं म्हणतील, त्यानं कबूल केलं, आता सोडायचं. कुणी सोडायचं? वडील परत येऊन सोडणार होते का? नातीला मी मोकळं केलं, ते माझ्या चुकीपायी. आजोबाला नाही.

दीड-दोन वर्षांनी तो कुर्डुवाडीला मुलाकडं राहायला गेला. गावात त्याला बसायला जागा राहिली नव्हती. दरडीची जमीन पुन्हा गावाच्या नावावर आली. वरच्या सपाट तुकड्याचं भांडण तसंच राहिलं, आणि तिथं आजही ज्वारी होते असं ऐकते. दरडीवर करंज माणसाच्या डोक्यावर गेले, जांभळाला फळ धरलं. बगळे मात्र आले नाहीत. माझी बदली होईपर्यंत मी दर वर्षी वाट पाहिली.

बदली वाशीला झाली. तिथं जाऊन दोन-तीन वर्षं झाली असतील. एका रविवारी गावाकडची एक बाई बाजाराला आली ती माझ्याकडं पाणी प्यायला थांबली. इकडच्या तिकडच्या गोष्टी झाल्या. मग ती म्हणाली, "तुमाला कळलं का? सरपंच गेला. कुर्डुवाडीलाच. लई हाल झाले म्हनं."

मी विचारलं, "कधी?"

"झाले की पंधरा दिस."

ती माझ्या चेहऱ्याकडं बघत होती. मी काहीतरी बरं बोलेन अशी तिची अपेक्षा असावी. मी तिला गुळाचा खडा दिला, तिची पिशवी डोक्यावर चढवून दिली आणि दारापर्यंत सोडलं. मग आत येऊन हात धुतले आणि ताट वाढून घेतलं. भाकरी, वांग्याची भाजी, ताक. मी सगळं जेवले. खूप दिवसांत इतकी भूक लागली नव्हती.